१० मीटरवर लाल ठिपका किती मोठा असतो?

१० मीटर एअर रायफलच्या टार्गेटवर मधोमध दहा गुणांचा जो ठिपका असतो, त्याचा व्यास अर्धा मिलिमीटर. ऑनलाइन दुकानांत दोन-तीन हजार रुपयांना मिळणाऱ्या, नेमासाठी लाल ठिपका दाखवणाऱ्या छोट्या रेड डॉट साईटच्या खोक्यावर पुष्कळदा ‘३ एमओए’ असे छापलेले असते. १० मीटर अंतरावर हा तीन एमओएचा लाल ठिपका ८.७ मिलिमीटर जागा व्यापतो. दहाचा ठिपका तर झाकला जातोच, पण त्याभोवतीचे साडेपाच मिलिमीटरचे नऊचे वर्तुळही पूर्ण दिसेनासे होते. साडेदहा मिलिमीटरच्या आठच्या वर्तुळाची तेवढी कड उरते.

कळव्यात मला हा विषय पालकांशी बोलताना निघालेला दिसतो. मुलाला किंवा मुलीला नेमबाजीची ओढ लागलेली असते, घरात एअर रायफल आलेली असते किंवा यायची असते, आणि वर रेड डॉट बसवला की नेम चटकन लागतो असे कुणीतरी सांगितलेले असते. ओढ कुठून आली हे विचारावे लागत नाही. खाडीपलीकडच्या ठाण्याचा रुद्रांक्ष पाटील ऑक्टोबर २०२२ मध्ये कैरोला १० मीटर एअर रायफलचा जगज्जेता झाला. तेव्हा तो १८ वर्षांचा होता. सुवर्णपदकाच्या लढतीत त्याने इटलीच्या डॅनिलो सोलाझोला १७-१३ असे हरवले. या प्रकारात त्याच्याआधी एकाच भारतीयाने, अभिनव बिंद्राने, जागतिक विजेतेपद मिळवले होते, तेही २००६ मध्ये.

स्वस्त साईटची पारख किमतीवरून किंवा ब्रँडवरून सुरू करू नये, असे मला ठामपणे वाटते. ती अंतरावरून सुरू करावी. खोक्यावरचे सगळे आकडे १०० यार्ड, ५० यार्ड असल्या अंतरांसाठी लिहिलेले असतात, आणि आपल्याकडचा एअर रायफलवाला उभा असतो १० मीटरवर. आकडे त्याच्या अंतरावर उतरवून घेतले की कुठली साईट घ्यावी, आणि मुळात घ्यावी का, याचे उत्तर बरेचसे मिळते.

एमओए म्हणजे कोनाचे मिनिट. वर्तुळात ३६० अंश, प्रत्येक अंशात ६० मिनिटे, एकूण २१,६०० मिनिटे. १० मीटर त्रिज्येच्या वर्तुळाचा परीघ ६२,८३२ मिलिमीटर होतो. भागाकार केला की एका एमओएला २.९ मिलिमीटर येतात. हा एकच आकडा लक्षात ठेवला तरी पुरे. दोन एमओएचा ठिपका १० मीटरवर ५.८ मिलिमीटर, चारचा ११.६, सहाचा साडेसतरा. २५ मीटरसाठी हे आकडे अडीचपट करायचे, ५० मीटरसाठी पाचपट.

आता टार्गेटची बाजू पाहू. एअर रायफलचा छर्रा ४.५ मिलिमीटरचा असतो आणि त्याची कड दहाच्या ठिपक्याला नुसती टेकली तरी दहा गुण मिळतात. त्यामुळे छर्‍याचे केंद्र टार्गेटच्या केंद्रापासून अडीच मिलिमीटरच्या आत पडले पाहिजे. म्हणजे एका एमओएपेक्षाही कमी. इथेच भागत नाही. मोठ्या स्पर्धांत रायफलचे गुण दशांशात मोजतात आणि प्रत्येक ०.१ गुणासाठी पाव मिलिमीटर द्यावा लागतो. १०.९ हा सर्वोच्च गुण मिळवायचा तर छर्रा केंद्रापासून पाव मिलिमीटरच्या आत हवा.

या मापावर रुद्रांक्षची कामगिरी ठेवून पाहावी. सप्टेंबर २०२३ मध्ये हांगझोच्या आशियाई स्पर्धेत त्याने पात्रता फेरीत ६० फैरींमध्ये ६३२.५ गुण मिळवले. ऐश्वर्य प्रताप सिंग तोमरचे ६३१.६ आणि दिव्यांश सिंग पनवरचे ६२९.६ मिळवून संघाचे १,८९३.७ झाले आणि तो सांघिक विश्वविक्रम ठरला. ६३२.५ ला ६० ने भागले की सरासरी १०.५४ येते. मिलिमीटरमध्ये सांगायचे तर साठच्या साठ छर्रे केंद्रापासून सरासरी एक मिलिमीटरच्या आसपास पडले. एमओएमध्ये हे अंतर साधारण एक-तृतीयांश भरते. ज्या ठिपक्याची रुंदी तीन एमओए आहे, त्याच्या मदतीने हे काम होणे अवघड आहे.

कोल्हापूर जिल्ह्यातल्या राधानगरी तालुक्याचा स्वप्नील कुसाळे ५० मीटरवरून नेम धरतो. १ ऑगस्ट २०२४ रोजी त्याने पॅरिस ऑलिंपिकमध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशनमध्ये ४५१.४ गुणांसह कांस्यपदक घेतले. तिथे दहाचे वर्तुळ १०.४ मिलिमीटरचे आणि ०.१ गुणाची किंमत ०.८ मिलिमीटर. त्याच्या फैरींची सरासरी १०.२६ च्या आसपास बसते, म्हणजे ५० मीटरवर केंद्रापासून सहा मिलिमीटरच्या आतबाहेर. गुडघ्यावर, पालथे आणि उभे, अशा तिन्ही स्थितींतून ही सरासरी आलेली आहे. तीन एमओएचा ठिपका त्या अंतरावर ४३.६ मिलिमीटर जागा झाकतो.

यातल्या कुणाच्याही रायफलवर लाल ठिपका नव्हता, भिंग नव्हते. आंतरराष्ट्रीय नेमबाजी महासंघाच्या नियमांनुसार रायफलवर भिंग किंवा भिंगांची रचना असलेली साईट चालत नाही आणि पिस्तुलावर तर फक्त ओपन साईट चालते. प्रकाशाचा ठिपका, लेझर, आरसा, दुर्बीण, काहीही बसवता येत नाही. आपल्याकडच्या शालेय स्पर्धांत ‘ओपन साईट’ आणि ‘पीप साईट’ असे गट असतात. रेड डॉट त्यांतल्या कशातच बसत नाही. मुलाला स्पर्धेत उतरवायचे असेल तर रेड डॉटवर घातलेला रुपया त्या वाटेवर उपयोगी पडत नाही, मग साईट दोन हजारांची असो वा साठ हजारांची. पालकांना हे दुकानात कुणी सांगत नाही, म्हणून इतक्या स्पष्टपणे लिहितो आहे.

पीप साईटला सेल लागत नाही, तरी ती अधिक बारीक कशी? माणसाची निरोगी नजर साधारण एका एमओएइतका तपशील वेगळा ओळखू शकते. पण एकात एक बसलेली वर्तुळे मध्यावर आहेत की नाहीत, हे ओळखताना तीच नजर कितीतरी जास्त बारीक काम करते. पीप साईटमध्ये मागचे बारीक छिद्र, पुढच्या नळकांड्यातली कडी आणि टार्गेटचे ३०.५ मिलिमीटरचे काळे वर्तुळ एकात एक बसवायचे असते. मागच्या आणि पुढच्या साईटमध्ये ७० सेंटिमीटर अंतर धरले, तर जुळणीत ०.१ मिलिमीटरची चूक १० मीटरवर १.४ मिलिमीटर होते आणि ती डोळ्याला जाणवते. अंजली भागवत, सुमा शिरूर, तेजस्विनी सावंत या सगळ्या नेमबाज याच साईटवर घडल्या. सुमा शिरूर यांनी २००४ मध्ये क्वालालंपूरला ४०० पैकी ४०० केले, तेजस्विनीने २०१० मध्ये म्युनिकला ५० मीटर प्रोनचे जागतिक विजेतेपद घेतले.

मग रेड डॉट कशासाठी असतो? त्याची खरी ताकद कळण्यासाठी पिस्तुलाचे उदाहरण घ्यावे लागते. साध्या सर्व्हिस पिस्तुलावर मागची खाच आणि पुढची माशी यांत १६ सेंटिमीटरच्या आसपास अंतर असते. माशी खाचेत अर्धा मिलिमीटर डावीकडे सरकली तर १० मीटरवर फटका ३१ मिलिमीटर बाजूला पडतो, २५ मीटरवर ७८ मिलिमीटर. घाईत, धावताना, अंधूक उजेडात ही चूक हमखास होते. रेड डॉटमध्ये जुळवायला दोन वस्तू नसतातच. ठिपका जिथे दिसतो तिथे गोळी जाते, दोन्ही डोळे उघडे राहतात, नजर लक्ष्यावर राहते. आयरिश यंत्रकार हॉवर्ड ग्रब याने १९०० च्या सुमारास परावर्तक साईटची कल्पना मांडली, पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस ती लढाऊ विमानांत पोहोचली, आणि १९७५ मध्ये स्वीडनच्या एमपॉइंट कंपनीने एलईडी व सेल वापरून ती बंदुकीवर बसेल इतकी लहान केली. पोलिस आणि सैन्यदलांनी ती उचलली ती वेगासाठी. मिलिमीटरचा हिशेब हे तिचे मूळ काम नव्हे.

यंत्रणा साधी आहे. नळीच्या आत एका बाजूला छोटा एलईडी, समोर किंचित तिरकी वक्र काच. काचेवर एक लेप असतो. तो फक्त तांबडा प्रकाश मागे परतवतो आणि बाकीचा जाऊ देतो. परतलेले किरण समांतर होऊन डोळ्यात शिरतात आणि ठिपका काचेवर न दिसता दूर कुठेतरी तरंगताना दिसतो. हे ‘दूर कुठेतरी’ नेमके किती दूर, यावर स्वस्त साईटची पारख अवलंबून आहे.

साईटवर ‘पॅरॅलॅक्स-फ्री’ असे लिहिलेले असते. डोळा काचेच्या मध्यावर असो की कडेला, ठिपका लक्ष्यावरून हलत नाही, असा त्याचा अर्थ लोक घेतात. तो अर्थ एकाच अंतरावर खरा असतो. बऱ्याच साईट ५० यार्डांवर, म्हणजे ४५.७ मीटरवर, जुळवलेल्या असतात. भूमिती सांगते की डोळा मध्यापासून जितका सरकेल, त्या सरकण्याला (जुळवलेले अंतर वजा आपले अंतर) भागिले जुळवलेले अंतर, याने गुणायचे. १० मीटरसाठी ३५.७ भागिले ४५.७, म्हणजे ०.७८. काचेचा व्यास २० मिलिमीटर असेल तर डोळा जास्तीत जास्त १० मिलिमीटर सरकू शकतो. चूक ७.८ मिलिमीटर. ठिपका अगदी मधोमध धरलेला, श्वास रोखलेला, चाप अलगद ओढलेला, आणि केवळ गाल दस्त्यावर नेहमीच्या जागी टेकला नाही म्हणून दहाऐवजी ७.८ गुण.

हीच साईट ५० मीटरवर नेली तर हीच चूक एक मिलिमीटरच्याही खाली येते. साईटमध्ये दोष नसतो, ती आपल्या अंतरासाठी बनवलेली नसते. महागड्या साईटचीही यातून सुटका नाही. ज्या साईटचे किरण पूर्ण समांतर असतात तिची १० मीटरवरची कमाल चूक काचेच्या त्रिज्येइतकी, म्हणजे २० मिलिमीटरच्या काचेला १० मिलिमीटर. पैसे जास्त मोजल्याने हा आकडा बदलत नाही, काच लहान घेतल्याने बदलतो. म्हणून १० मीटरसाठी मोठ्या खिडकीची साईट घेऊ नका, असे मी सांगतो. मोठी खिडकी लक्ष्य लवकर शोधायला बरी, पण तितकाच डोळा भटकायला मोकळा.

हे घरी तपासता येते आणि त्यासाठी बंदूक लागत नाही. खरे तर बंदूक नसावीच. कळव्याच्या दाट वस्तीत कुणी पॅसेजमध्ये रायफल रोखून बसलेले दिसले तर शेजारी घाबरतील, आणि त्यांचे घाबरणे योग्यच आहे. साईट एकटीच टेबलाला लावायच्या वाइसमध्ये कापड घालून हलक्या हाताने पकडा. १० मीटर मोजून समोर आलेखकागद चिकटवा. ठिपका एका रेषेवर आणा आणि डोके हळूहळू डावीउजवीकडे न्या. ठिपका कागदावर किती मिलिमीटर सरकतो ते दुसऱ्याला पेन्सिलने खूण करायला सांगा. मध्यापासून एका कडेपर्यंत आठ मिलिमीटरच्या आसपास सरकला तर साईट भूमितीप्रमाणे वागते आहे. बारा-पंधरा मिलिमीटर सरकला, किंवा डावीकडे वेगळा आणि उजवीकडे वेगळा सरकला, तर काच नीट बसलेली नाही किंवा तिची वक्रता सदोष आहे. ती परत करा. मग तीच साईट गच्चीवर नेऊन पारसिकच्या डोंगरावरच्या विजेच्या मनोऱ्यावर धरा. तिथे डोके हलवल्यावर ठिपका जवळजवळ जागचा हलू नये. तिथेही नाचत असेल तर त्या साईटवर आणखी वेळ घालवण्यात अर्थ नाही.

वाइसमधून साईट काढण्याआधी आणखी दोन मापे घ्यावीत. पहिले ठिपक्याच्या खऱ्या आकाराचे. आलेखकागदावर ६, ९ आणि १२ मिलिमीटर व्यासाची वर्तुळे काढा आणि उजेड कमी ठेवून कुठले वर्तुळ जेमतेम झाकले जाते ते पाहा. ‘३ एमओए’ लिहिलेल्या साईटने नऊ मिलिमीटरचे वर्तुळ जवळजवळ झाकायला हवे. स्वस्त साईटमध्ये चमक वाढवली की ठिपका फुगतो आणि बारा मिलिमीटरचेही वर्तुळ गिळतो. ठिपका गोल न दिसता स्वल्पविरामासारखा किंवा फुटलेला दिसला, तर साईटला दोष देण्याआधी मोबाइलने काचेतून फोटो घ्यावा. फोटोत गोल असेल तर दोष डोळ्यात आहे. ॲस्टिग्मॅटिझम असलेल्यांना कुठलाही रेड डॉट असाच दिसतो. त्यांनी साईट बदलण्याऐवजी चष्म्याचा नंबर तपासून घ्यावा.

दुसरे माप क्लिकचे. वरचा आणि बाजूचा स्क्रू फिरवताना ‘टक’ आवाज होतो आणि बहुतेक स्वस्त साईटमध्ये एका टकेला ठिपका एक एमओए सरकतो. १० मीटरवर २.९ मिलिमीटर. एअर रायफलच्या टार्गेटवर दोन लगतच्या वर्तुळांमधले अंतर अडीच मिलिमीटर आहे. म्हणजे एका क्लिकला फटका अख्खे एक वर्तुळ ओलांडून जातो आणि मधली जागा पकडताच येत नाही. फटक्यांचा ग्रुप दहाच्या थोडा डावीकडे पडत असेल तर एक क्लिक दिल्यावर तो थोडा उजवीकडे पडेल. अर्ध्या एमओएचे क्लिक असलेली साईट मिळाली तर १० मीटरसाठी तीच घ्यावी. माझ्या मते ठिपक्याच्या आकारापेक्षाही या आकड्याला जास्त वजन द्यायला हवे. ८.७ मिलिमीटरचा ठिपका ३०.५ मिलिमीटरच्या काळ्या वर्तुळात निदान नजरेने मध्यावर बसवता येतो, चारी बाजूंना सुमारे अकरा-अकरा मिलिमीटर काळे ठेवून. क्लिकच्या मधली जागा मात्र कुठल्याही सरावाने मिळत नाही.

क्लिक खरे बोलतात का, हेही तपासावे. ठिपक्याची जागा कागदावर खूण करा. वर २० क्लिक, उजवीकडे २०, खाली २०, डावीकडे २०. एक एमओए क्लिकच्या साईटने ५८ मिलिमीटर बाजूचा चौकोन काढून मूळ खुणेवर परत यायला हवे. ५५ ते ६१ च्या दरम्यान बाजू आली आणि शेवटी ठिपका खुणेवर आला, तर या किमतीत ती साईट उत्तम. बाजू ४५ आली तरी एकवेळ चालेल, हिशेब माहीत झाला की पुरे. पण ठिपका मूळ जागी परतला नाही, किंवा क्लिक दिल्यावर जागचा हलला नाही आणि साईटला टिचकी मारल्यावर एकदम उडी मारून सरकला, तर आतली स्प्रिंग ढिली आहे. ती साईट कधीच झिरो, म्हणजे एकदा जुळवलेला नेम, धरून ठेवणार नाही.

सेलचा हिशेब झटपट होतो. सीआर २०३२ या नाण्याएवढ्या सेलमध्ये साधारण २२० मिलिॲम्पिअर-तास वीज असते. स्वस्त साईटमधले जुने, नावाजलेले नाव म्हणजे बुशनेल टीआरएस-२५. तीन एमओएचा ठिपका, चमकेच्या ११ पायऱ्या, १०५ ग्रॅम वजन, आणि कंपनीच्या सांगण्यानुसार सेल ३,००० तास चालतो. चालू ठेवून विसरलात तर १२५ दिवस. एमपॉइंटच्या छोट्या मायक्रो साईटला त्याच सेलवर ५०,००० तास मिळतात, म्हणजे पाच वर्षे आठ महिने. पहिलीतून ७३ मायक्रोॲम्पिअर जातात, दुसरीतून साडेचार. फरक खरा आहे, पण रविवारी दोन तास वापरणाऱ्याला तो जाणवणार नाही. त्याने बटण बंद करण्याची सवय लावावी आणि एक सेल जादा ठेवावा. कुणी अनोळखी कंपनी दोन हजारांच्या साईटला ५०,००० तास सांगत असेल, तर ते कुठल्या पायरीवर, हे विचारा. सर्वांत मंद पायरीवरचा ठिपका मे महिन्याच्या उन्हात दिसतच नाही.

बसवण्याचा मुद्दा मात्र आपल्याकडे फार नुकसान करतो. रेड डॉट साईट बहुतेक पिकाटिनी रेलसाठी बनवलेल्या असतात, २१ मिलिमीटर रुंद आणि आडव्या खाचांची. साध्या एअर रायफलवर ११ मिलिमीटरची डव्हटेल खाच असते. मध्ये ॲडॅप्टर लागतो, आणि दोन ठिकाणी स्क्रू म्हणजे ढिले व्हायला दोन जागा. त्यातच नळी मोडून भरायच्या स्प्रिंगच्या रायफलचा धक्का दुहेरी असतो. दट्ट्या पुढे झेपावतो तेव्हा बंदूक मागे जाते, आणि तो पुढे आदळून थांबतो तेव्हा ती झटक्याने पुढे येते. खऱ्या बंदुकीचा धक्का एकाच दिशेचा असतो आणि साईटची बांधणी सहसा तोच धक्का गृहीत धरून केलेली असते. एक हजार फैरींचा धक्का सोसणारी साईट स्प्रिंगच्या रायफलवर शंभरात काच सोडू शकते. दाब भरलेल्या हवेच्या, म्हणजे पीसीपी रायफलला हा त्रास नाही. विक्रेत्याला एकच प्रश्न विचारावा, ही साईट स्प्रिंगच्या रायफलवर चालते असे कंपनीने लेखी दिले आहे का? आणि बसवल्यावर रेल व साईट यांवरून पेन्सिलची एक बारीक रेघ ओढून ठेवावी. पन्नास फैरींनंतर रेघ तुटलेली दिसली तर साईट सरकते आहे, नेम चुकत नाही.

साईट नळीच्या वर असते याचाही हिशेब लागतो. काचेचा मध्य नळीपेक्षा ४५ मिलिमीटर वर असेल आणि १७० मीटर प्रतिसेकंद वेगाचा छर्रा १० मीटरवर झिरो केला असेल, तर ५ मीटरवर तो ठिपक्याच्या १८ मिलिमीटर खाली लागतो. कमी अंतरावर आधी जमवू, मग १० मीटरवर जाऊ, असे म्हणणारे यामुळे गोंधळतात आणि पुन्हा पुन्हा स्क्रू फिरवत बसतात. ज्या अंतरावर मारायचे त्याच अंतरावर झिरो करावे.

पावसाळ्यासाठी आयपीएक्स ही अक्षरे पाहावीत. आयपीएक्स-४ म्हणजे शिंतोडे सोसेल, आयपीएक्स-७ म्हणजे एक मीटर पाण्यात अर्धा तास. जुलैत एसीच्या खोलीतून गॅलरीत नेल्यावर काचेवर बाहेरून वाफ धरणारच आणि ती पुसली जाते. आतून धरली तर सील गेले आहे. आपल्या खाडीकाठच्या हवेत अशी साईट ऑगस्टपर्यंत बुरशी धरते.

कायद्याचे दोन आकडे. ४.५ मिलिमीटरपर्यंतची नळी आणि २० ज्यूलपर्यंतची ऊर्जा, या मर्यादेतल्या एअर रायफलला परवाना लागत नाही. स्पर्धेची रायफल अर्ध्या ग्रॅमचा छर्रा १७० मीटर प्रतिसेकंदाने सोडते, म्हणजे सव्वासात ज्यूलच्या आसपास, मर्यादेपेक्षा खूप खाली. ठाणे जिल्ह्यात एअर रायफली तयारही होतात आणि मिळायला सोप्या आहेत. खऱ्या बंदुकीचे तसे नाही. २०१९ च्या दुरुस्तीनंतर सामान्य परवानाधारकाला तीनऐवजी दोनच शस्त्रे ठेवता येतात. परवाना लागत नाही म्हणजे कशावरही मारता येते, असे मात्र नव्हे. पक्ष्यावर एअर रायफल चालवणे हा वन्यजीव संरक्षण कायद्याखाली गुन्हा आहे. कळव्याच्या दाराशी असलेली ठाणे खाडी २०२२ मध्ये रामसर यादीत गेली, फ्लेमिंगो अभयारण्य इथून जवळ आहे. रेड डॉटने पक्षी मारणे सोपे होते, आणि याच कारणासाठी ही साईट काही मुलांना हवी असते, हे मी पाहिले आहे. आईबापांनी साईट घेण्याआधी मुलाला नेम कशावर धरायचा आहे ते विचारावे.

स्पर्धेच्या वाटेवर असलेल्या मुलासाठी ते दोन-तीन हजार दुसरीकडे जास्त कामी येतात. छर्‍यांच्या एका डब्यात बहुधा ५०० छर्रे असतात. ६० फैरींचा एक सामना धरला तर आठ सामन्यांचा सराव. स्पर्धेची रायफल दोन लाखांच्या वर जाते, पण सुरुवातीला ती विकत घ्यावी लागत नाही. चांगल्या क्लबमध्ये शिकणाऱ्यांसाठी रायफली ठेवलेल्या असतात. वरळीला महाराष्ट्र रायफल असोसिएशनची रेंज आहे आणि पनवेलला सुमा शिरूर यांचा लक्ष्य शूटिंग क्लब. कळव्याहून ठाण्याला जाऊन ट्रान्सहार्बर लोकलने पनवेल गाठता येते. तिथे पीप साईटमागे घालवलेला एक तास घरच्या रेड डॉटच्या महिन्याभराइतका शिकवून जातो.

आणि तरीही एक वर्ग असा आहे ज्याला मी ही साईट मनापासून सुचवतो. पंचेचाळिशी ओलांडलेले, चाळिशीचा चष्मा लागलेले, हौसेने रेंजवर जाऊन डबे आणि लोखंडी पत्रे उडवणारे नेमबाज. ओपन साईटमध्ये मागची खाच डोळ्यापासून अर्ध्या मीटरवर, माशी सुमारे एक मीटरवर आणि टार्गेट १० मीटरवर असते. डोळ्याच्या भिंगाला त्यासाठी दोन डायॉप्टर, एक डायॉप्टर आणि ०.१ डायॉप्टर अशा तीन ठिकाणी फिरावे लागते. वीस वर्षांच्या मुलाचा डोळा ते न कळत करतो. पन्नाशीतला डोळा करू शकत नाही, माशी धूसर होते आणि हौस सुटते. रेड डॉटचा ठिपका ४५ मीटरवर तरंगतो, म्हणजे ०.०२ डायॉप्टर, टार्गेटच्या जवळजवळ शेजारी. डोळ्याला काही करावेच लागत नाही. डब्याचा व्यास ६५ मिलिमीटर धरला तर ८.७ मिलिमीटरचा ठिपका आणि ७.८ मिलिमीटरची पॅरॅलॅक्सची चूक दोन्ही त्यात सहज सामावतात. अशा माणसाने दोन-तीन हजारांची, लहान काचेची, अर्ध्या एमओए क्लिकची साईट घ्यावी, परत करण्याची मुदत संपण्याआधी ती वाइसमध्ये लावून चौकोन काढावा, आणि चौकोन जुळला तर दुसरी शोधू नये.